नशा आणि नाव

वस्तीतल्या एका वडीलधाऱ्या गृहस्थांनी परवा आमच्याजवळ विषय काढला. "गाणारे-वाजवणारे सगळे नशेबाजच. नाव झालं की डोकं फिरतं." आम्ही त्यांना बिली हॉलिडेची हकीकत सांगितली. वाचकहो, तीच येथे देत आहोत.

बिली हॉलिडे ही अमेरिकेतील कृष्णवर्णीय गायिका. जन्म १९१५ चा, गरिबीतला. १९३८ साली ती आर्टी शॉ यांच्या गोऱ्या वादकांच्या ताफ्यात गात होती. नाव झाले होते. तरी न्यूयॉर्कच्या हॉटेलात तिला पाहुण्यांच्या लिफ्टने जाऊ देत नसत, सामानाच्या लिफ्टने पाठवीत. वर जाऊन गायचे मात्र हसतमुखाने!

पुढे तिला हेरॉइन लागले. (मुंबईत ज्याला गर्द म्हणतात, ते याचेच भेसळीचे रूप.) एकदा सवय जडली की त्यात मजा उरत नाही. वेळेवर मिळाले नाही तर अंग मोडून येते, उलट्या होतात, डोळ्याला डोळा लागत नाही. आणि बाहेर लोक तिकीट काढून बसलेले असतात.

१९४७ साली तिला अटक झाली. मला इस्पितळात पाठवा, अशी तिची विनंती होती. शिक्षा झाली एक वर्ष आणि एक दिवसाच्या कैदेची. मार्च १९४८ मध्ये ती सुटली आणि त्याच महिन्यात कार्नेगी हॉल खचाखच भरला. पण न्यूयॉर्कमध्ये दारू विकणाऱ्या क्लबात गायला पोलिसांचे कार्ड लागे. ते तिला पुन्हा मिळाले नाही. एका कागदावाचून माणसाचे पोट कसे अडते, हे आम्हा कारकुनांना कुणी सांगायला नको.

"पण नशा तिनेच केली ना?" गृहस्थ म्हणाले.

केली. आम्ही नाकारत नाही. पण उपचार मागणाऱ्याला बेडी घालून कोणाची नशा सुटली?

१९५९ साली यकृत आणि हृदयाच्या आजाराने ती इस्पितळात पडली. खोलीत हेरॉइन सापडले म्हणून पोलिसांनी तिला खाटेवरच अटक केली, दाराशी पहारा बसवला. १७ जुलैला ती गेली. वय ४४. बँकेत शिल्लक ७० सेंट, म्हणजे एक डॉलरही पुरा नव्हे.

गृहस्थ बराच वेळ गप्प होते. त्यांचा धाकटा ऑर्केस्ट्रात ऑक्टोपॅड वाजवतो. मग हळूच म्हणाले, "त्यानं ऑक्टोपॅड विकला. सोमवारी सरकारी दवाखान्यात न्यायचंय त्याला. तुम्ही याल का?"

आम्ही एक दिवसाच्या किरकोळ रजेचा अर्ज टाकला आहे.