नीरव नौका

आमच्या एका जुन्या वाचकांचे चिरंजीव कॅनडांत व्हँकूवर येथें नोकरीस आहेत. येत्या उन्हाळ्यांत आईवडील व भावांचीं मुलें यांस तिकडे बोलावून, सर्वांस कयाक नांवाच्या लहान होडींतून समुद्रावर न्यावें व ऑर्का जातीचे मोठे जलचर दाखवावे, असा त्यांचा बेत आहे. वडिलांनीं आम्हांस पत्रानें विचारलें आहे कीं, "या होडीला यंत्र नाहीं, धूर नाहीं, आवाज नाहीं, शिवाय बरोबर माहीतगार वाटाड्या असतो. तेव्हां या करमणुकीनें कोणा जीवास उपद्रव होत नाहीं असें समजावें काय?" प्रश्न मार्मिक आहे. कोंकणच्या किनाऱ्यावर डॉल्फिन पाहावयास जाणारीं कुटुंबेंही आतां थोडीं नाहींत. म्हणून उत्तर खाजगी पत्रानें न धाडतां येथेंच देतों.

प्रथम या होडीचें कूळ पाहूं. कयाक ही उत्तर ध्रुवाकडील इन्युइट लोकांची. ज्या प्रदेशांत झाड म्हणून उगवत नाहीं, तेथें समुद्रानें वाहून आणलेलें लाकूड व प्राण्यांचीं हाडें यांचा सांगाडा करून त्यावर सीलचें कातडें ताणून बसवीत. कातडें शिवण्याचें काम बायकांचें. टांका असा बारीक कीं पाण्याचा थेंब आंत येऊं नये. जो होडी वापरणार त्याच्याच अंगाच्या मापानें ती बांधीत. माणूस कमरेपर्यंत आंत बसे, अंगरख्याची कड होडीच्या तोंडाभोंवतीं आवळून घेई, आणि दोन्ही टोकांस पातें असलेल्या एकाच वल्ह्यानें होडी हांकी. एवढी कारागिरी कशासाठीं? सीलला चाहूल लागूं न देतां भाला फेंकण्याइतकें जवळ जातां यावें, यासाठीं. जी नीरवता आज प्रवाशांचें मन मोहून घेते, ती मुळांत पारध्याची नीरवता आहे. हें ध्यानांत ठेविलें म्हणजे पुढील विवेचन समजण्यास अडचण पडणार नाहीं.

इन्युइटांच्या शिकारीस दोष देण्याचें कारण नाहीं. अन्न, वस्त्र आणि दिव्याचें तेल हीं सारीं त्यांस सीलपासूनच मिळत, आणि गरज भागली कीं हात थांबे. अनर्थ झाला तो व्यापार आल्यावर. १७४१ सालीं विटस बेरिंग याच्या नेतृत्वाखालीं निघालेली रशियन मोहीम अलास्काकडे पोंचली. मोहिमेंतील जे लोक जिवंत परतले त्यांनीं पाणमांजराच्या जातीच्या समुद्रांतील प्राण्याचीं कातडीं बरोबर आणिलीं. या प्राण्याच्या अंगावर चरबीचा थर नसतो. त्याची थंडी निवारण होते ती केवळ दाट केसांनीं, आणि इतके दाट केस दुसऱ्या कोणत्याही प्राण्यास नाहींत. त्या कातड्यांस मोठी किंमत येऊं लागतांच व्यापाऱ्यांची रीघ लागली. अल्यूशियन बेटांतील अल्यूत लोक कयाकसारख्याच होड्या चालविण्यांत निष्णात होते. रशियन व्यापाऱ्यांनीं त्यांस सक्तीनें कामास जुंपलें व त्यांच्याच होड्यांतून किनारेच्या किनारे निर्मनुष्य नव्हे, पण निर्जीव करून सोडिले.

१९११ सालीं अमेरिका, ब्रिटन, रशिया व जपान यांनीं करार करून हा संहार थांबविला, तेव्हां साऱ्या उत्तर प्रशांत महासागरांत हे प्राणी एकदोन हजारच उरले असावेत असा अंदाज आहे. कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावरचा शेवटचा ज्ञात प्राणी १९२९ सालीं मारला गेला. पुढें १९६९ पासून १९७२ पर्यंत अलास्काहून ८९ प्राणी आणून व्हँकूवर बेटाच्या पश्चिम किनाऱ्यावर सोडण्यांत आले, आणि त्यांची संतति आज तेथें नांदत आहे. ज्या जातीच्या होडीनें यांच्या पूर्वजांचा नाश केला, त्याच जातीच्या होडींतून लोक आतां त्यांस पाहावयास जातात.

येथें आम्हांस शाकुंतलाच्या पहिल्या अंकाचें स्मरण होतें. राजा दुष्यंत हरिणामागें रथ दौडवीत येतो. तपस्वी त्यास अडवितात, आणि तो बाण आवरतो. येथपर्यंतची गोष्ट शाळेंतील मुलांसही ठाऊक असते. परंतु पुढचा भाग बहुतेकांच्या लक्षांत राहात नाहीं. आश्रमवासीयांस त्रास होऊं नये म्हणून राजा रथ दूरच थांबवितो, अलंकार व धनुष्य सारथ्याच्या स्वाधीन करितो, आणि साध्या वेषानें पायीं आंत जातो. बाण आवरल्यानें तो शिकारी राहिला नाहीं. पण रथ बाहेर ठेविला तेव्हां तो पाहुणा झाला. नुसतें न मारणें निराळें आणि पाहुण्यासारखें वागणें निराळें.

आतां ज्या सफरीविषयीं प्रश्न आला आहे तिकडे वळूं. व्हँकूवर बेट व मुख्य भूमि यांच्या मधून जॉन्स्टन सामुद्रधुनी जाते. उन्हाळ्यांत सामन मासे नद्यांकडे परतूं लागले कीं त्यांच्या मागोमाग ऑर्का तेथें येतात. ऑर्कास लोक देवमासा म्हणत असले तरी तो डॉल्फिनाच्या कुळांतला. रंगानें काळा-पांढरा, आणि नराच्या पाठीवरचा पर सहा फुटांपर्यंत उंच. मायकेल बिग या कॅनडांतील संशोधकानें १९७० नंतर या पराच्या खांचा व त्यामागील करडा डाग यांचीं छायाचित्रें घेऊन एकेक प्राणी ओळखण्याची पद्धति बसविली. तत्पूर्वीं ऑर्का हजारोंनीं असतील असा समज होता, व मत्स्यालयांसाठीं ते खुशाल पकडले जात. मोजदाद झाली तेव्हां ते शेंकड्यांतच भरले.

याच निरीक्षणांतून त्यांची गृहव्यवस्था उघडकीस आली, आणि ती वाचून आपल्या एकत्र कुटुंबांतील मंडळींस कौतुक वाटेल. सामन खाणाऱ्या या ऑर्कांत मुलगा काय किंवा मुलगी काय, आईस सोडून वेगळें बिऱ्हाड करीत नाहीं. वाढलेला धिप्पाड नरही जन्मभर आईच्या कळपांतच राहतो. प्रत्येक कुळाची हांकांची बोली वेगळी असते. मादीस चाळिशीच्या सुमारास पिलें होणें थांबतें, तरी ती पुढें कित्येक दशकें जगूं शकते. आणि दक्षिणेकडील कळपांवरून २०१५ सालीं असें दाखवून देण्यांत आलें कीं, सामन कमी असलेल्या वर्षीं अशा वृद्ध माद्याच विशेषेंकरून पुढें राहून कळपास नेतात. आजीबाई काय कामाच्या, असें म्हणणाऱ्यांनीं हें अवश्य वाचावें.

या सामुद्रधुनींत रॉब्सन बाइट नांवाचा एक आंखातासारखा भाग आहे. तेथील किनाऱ्यालगतच्या गुळगुळीत गोट्यांवर ऑर्का येऊन अंग घांसतात. १९८२ सालीं तो भाग राखीव करण्यांत आला, व पुढें त्यास बिगचें नांव देण्यांत आलें. प्रेक्षकांनीं, मग ते यंत्राच्या बोटींत असोत वा कयाकमध्यें, त्या हद्दीच्या बाहेरच राहावें असा तेथील दंडक आहे. २०१८ सालीं कॅनडा सरकारनें केलेल्या नियमांप्रमाणें त्या किनाऱ्यावर ऑर्कापासून निदान २०० मीटर दूर राहावें लागतें. कांहीं भागांत अंतर याहूनही अधिक आहे.

वाचक विचारतील कीं, यंत्र नसलेल्या होडीवर हा निर्बंध कशास? येथेंच मूळ प्रश्नाचें मर्म आहे. ऑर्का स्वतः आवाज काढून त्याच्या प्रतिध्वनीवरून मासा शोधतो. यंत्राच्या घरघरीनें त्या शोधांत व्यत्यय येतो, आणि तेवढ्यापुरती कयाक निःसंशय चांगली. परंतु खडकावर पिलांसह ऊन खात पडलेल्या सीलची गोष्ट वेगळी आहे. मोटारीची बोट त्यास दुरून ऐकूं येते. ती येणार, जाणार, हें त्यास कळतें. कयाक मात्र पाण्यालगत, हळू हळू, किनाऱ्याच्या कडेकडेनें सरकत येते व एकाएकीं समोर उभी राहते. दबा धरून येणाऱ्या शत्रूची चाल याहून वेगळी ती काय असते? सारा कळप धडपडून पाण्यांत उड्या टाकितो. त्या धांदलींत पिलाची व आईची ताटातूट होऊं शकते, आणि विश्रांतीची वेळ पळापळींत जाते. होडींतील माणसें म्हणतात, "आम्ही तर कांहींच केलें नाहीं." खरेंच आहे, त्यांनीं आवाज केला नाहीं, एवढेंच त्यांनीं केलें.

म्हणून वाटाड्याची परीक्षा तो कोठवर नेतो यावरून करूं नये, कोठें थांबवितो यावरून करावी. चांगला वाटाड्या सील दिसतांच वळसा घेतो. ऑर्का आपल्या बाजूस येत आहेत असें पाहिल्यावर तो सर्व होड्या किनाऱ्यालगत एकमेकींस चिकटवून वल्हीं आडवीं ठेवावयास सांगतो व त्यांचा मार्ग मोकळा सोडतो. त्यांच्या पुढें जाऊन वाट अडविणें किंवा मागें लागणें तो होऊं देत नाहीं. माणसांच्या जिवाची काळजी हेंही त्याचेंच काम. तेथील पाणी भर उन्हाळ्यांतही फार गार असतें, भरती-ओहोटीचे ओघ जोराचे, आणि दुपारनंतर वारा वाढतो. वयस्करांनीं व मुलांनीं दोन माणसांच्या होडींत अनुभवी माणसाबरोबर बसावें, तरंगण्याचें जाकीट क्षणभरही काढूं नये, आणि हवा पाहून वाटाड्यानें सफर रद्द केली तर पैसे बुडाले म्हणून कुरकुर करूं नये.

आपल्या कोंकणांत किनाऱ्यालगत दिसणारा पाठीवर उंचवटा असलेला डॉल्फिन हा हिंदी महासागरांतील एक संकटग्रस्त प्राणी होय. २०१७ सालीं त्याची गणना जागतिक यादींत त्या वर्गांत झाली, आणि आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचें कवच त्यास आहे. परंतु सुटीच्या दिवशीं किनाऱ्यावर काय दिसतें? एक पाठ पाण्यावर दिसली कीं चारपांच बोटी तिकडे धांवतात, आणि बोटींतून "अजून जवळ, अजून जवळ" असा गलका होतो. तांडेलास दोष देणें सोपें आहे. पण त्याचें पोट आपल्या पैशावर आहे, आणि जवळ नेणाऱ्यास आपणच खुषीनें वर चार पैसे देतों. जो तांडेल यंत्र बंद करून दूर थांबतो, त्याच्या बोटींतील मंडळी मात्र "कांहीं दाखविलें नाहीं" म्हणून कपाळास आंठ्या घालून उतरतात. समुद्रावर जें चालतें तें पुष्कळ अंशीं प्रवाशांच्या आवडीनेंच ठरतें.

दुरून काय दिसणार, अशी शंका मुलें घेतील. त्यांस सांगावें कीं, शांत हवेंत ऑर्काचा निःश्वास पाण्यावरून लांबवर ऐकूं येतो, आणि साध्या दुर्बिणीनें आईच्या कुशीजवळ पोहणारें पिलूं ओळखतां येतें. ज्या प्राण्यानें आपली दखलच घेतली नाहीं, त्याचाच खरा दिनक्रम आपल्या दृष्टीस पडतो. जो दचकून पळाला त्याचें भय तेवढें आपण पाहिलें.

तेव्हां पत्रलेखकांस आमचें उत्तर असें. खुशाल जावें, नातवंडांस अवश्य न्यावें. मात्र पैसे भरण्यापूर्वीं सफर चालविणाऱ्यांस तीन गोष्टी विचाराव्या: प्राण्यापासून किती अंतर राखतां, सील दिसल्यास काय करतां, आणि हवा बिघडल्यास काय करतां. पहिल्या दोहोंचें उत्तर देतांना जो "आम्ही अगदीं जवळ नेतों" अशी फुशारकी मारील, त्याच्याकडे जाऊं नये. तिसऱ्याचें उत्तर जो टाळील, त्याच्याकडे तर मुळींच जाऊं नये. आणि कदाचित् दिवसभर वल्हीं मारूनही एकही ऑर्का दिसला नाहीं, तर मुलांपुढें हळहळ करूं नये. आपण गेलों त्या वेळीं घरची मंडळी बाहेर गेलीं होतीं, एवढेंच समजावें. सुज्ञांस अधिक सांगणें नलगे.