उरले दोघे!

मुलांनो, खो-खोची स्पर्धा तोंडावर आलीय आणि तुमच्या संघातली निम्मी मुलं सोडून गेली, तर? ‘जाऊ दे, यंदा नाव मागे घेऊ,’ असं कुणीतरी म्हणेलच ना?

युरोपातल्या ‘ओजी’ संघावर अशीच वेळ आली. हा संघ संगणकावर ‘डोटा २’ खेळतो. एका संघात पाच जण. सगळे टोपणनावांनीच ओळखले जातात. मे २०१८अखेरपर्यंत तिघे निघून गेले होते. उरले दोघे : कर्णधार नोटेल आणि जेरॅक्स. जगातली सर्वांत मोठी स्पर्धा जेमतेम तीन महिन्यांवर!

प्रशिक्षक सेब स्वतःच खेळायला उतरला होता. विश्रांती घेत असलेला आना परतला. मोठ्या स्पर्धेत कधी न खेळलेल्या टॉप्सनलाही घेतलं. थेट प्रवेश नव्हता, म्हणून सर्वांसाठी खुल्या असलेल्या पात्रता फेरीपासून सुरुवात केली. आणि ऑगस्टमध्ये कॅनडातल्या व्हँकुव्हरला अंतिम सामना ३-२ असा जिंकला! २०१९मध्ये शांघायला तेच पाच जण पुन्हा विजेते.

गेलेल्यांना नावं ठेवून संघ उभा राहत नाही, उरलेल्यांना धरून राहतो. तुमच्या संघात बाहेर बसून नुसत्या टाळ्या वाजवणारं कोण आहे? उद्या त्याला हाक मारा बरं!