थेल्मा रिटर सहायक नव्हती

नाताळच्या खरेदीनं दमलेली एक आई न्यूयॉर्कमधल्या मेसीज या बड्या दुकानात येते. मुलाला हवं असलेलं खेळणं इथे नाही, दुसऱ्या अमुक दुकानात मिळेल, असं दुकानाचाच सांताक्लॉज तिला सांगतो. गिऱ्हाइकाला आपणहून दुसऱ्याच्या दारात पाठवणारं दुकान असू शकतं, यावर तिचा विश्वासच बसत नाही. १९४७ सालच्या ‘मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट’मधलं हे काम अगदी छोटं. श्रेयनामावलीत अभिनेत्रीचं नावही नव्हतं.

ती थेल्मा रिटर. जन्म १९०२ सालचा, ब्रुकलिनमधला. नाट्यशिक्षण रीतसर घेतलेलं, मग रंगभूमी, संसार, मुलं, रेडिओवरची कामं, आणि पंचेचाळिसाव्या वर्षी पहिला चित्रपट. त्या काळच्या हॉलिवूडमध्ये या वयाच्या बहुतेक अभिनेत्रींची कामं आटत चाललेली असत. फॉक्स स्टुडिओचे प्रमुख डॅरिल झानक यांना मात्र ती इतकी आवडली, की त्यांनी तिचं काम वाढवून घेतलं.

पुढच्या पंधरा वर्षांत तिला सहायक अभिनेत्रीसाठीची सहा ऑस्कर नामांकनं मिळाली. पुरस्कार एकदाही मिळाला नाही. तिच्याबद्दल लिहिताना हा आकडा हळहळत सांगितला जातो. पण हरण्यापेक्षा मोठा अन्याय त्या ‘सहायक’ या शिक्क्यात आहे.

हा पुरस्कार सुरू झाला १९३६ सालच्या चित्रपटांपासून. नायक-नायिकांना ऑस्करची सोनेरी बाहुली मिळे, तेव्हा सहायक कलाकारांच्या हाती पहिली काही वर्षं नुसता फलक दिला जाई. पुढे बाहुली मिळू लागली, पण नजर तीच राहिली. १९५१ सालचा ‘द मेटिंग सीझन’ पाहा. श्रीमंत घरात लग्न केलेल्या मुलाच्या घरी त्याची कष्टकरी आई येते. सून तिला स्वयंपाकीण समजते आणि ती स्वयंपाकीण म्हणूनच तिथे राहते. पोस्टरवर जीन टिअर्नी हे मोठं नाव असलं, तरी गोष्ट सगळी त्या आईची. नामांकन? सहायक अभिनेत्रीचं.

‘ऑल अबाउट ईव्ह’मध्ये (१९५०) ती बेटी डेव्हिसची मदतनीस बर्डी आहे. गोड बोलून घरात शिरलेल्या ईव्हचा संशय सगळ्यात आधी येतो तो बर्डीला. बाकीचे नाटककार, दिग्दर्शक, बुद्धिमान मंडळी भुलतात. कपडे आवरणारी बाई भुलत नाही. आणि मग चित्रपटाच्या मध्यावर ती नाहीशीच होते. दिग्दर्शक मँकीविट्झ यांची पटकथा जगभर वाखाणली जाते आणि ते रास्तच आहे, पण बर्डीला असं वाऱ्यावर सोडणं ही त्या पटकथेतली खरी उणीव आहे.

हिचकॉकनं ती चूक केली नाही. ‘रिअर विंडो’मधली (१९५४) स्टेला विमा कंपनीनं पाठवलेली परिचारिका. पाय मोडून बसलेल्या जेम्स स्टुअर्टच्या पाठीला मालीश करता करता ती शेजाऱ्यांच्या खिडक्यांत डोकावण्याबद्दल त्याला खडसावते. काही दिवसांनी तीच, तो न्याहारी करत असताना, समोरच्या माणसानं बायकोचे तुकडे कुठे केले असतील याचे तर्क लढवते आणि शेवटी ग्रेस केलीबरोबर फुलांचा वाफा उकरायलाही जाते. प्रेक्षकाच्या मनातली लाज आणि कुतूहल, दोन्ही या एकाच बाईत दिसतात.

तिचं सर्वोत्तम काम मात्र सॅम्युअल फुलरच्या ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’मधलं (१९५३). मो ही म्हातारी टाय विकते आणि पोलिसांना पाकीटमारांच्या खबरा विकते. भाव ठरवूनच. पैसे साठवते ते स्वतःच्या दफनासाठी, कारण बेवारशांच्या दफनभूमीत जायचं नाही, एवढीच तिची आस. ज्याचा पत्ता तिनं आधी विकला होता, त्याच पाकीटमाराचा पत्ता विचारत एका रात्री मारेकरी तिच्या खोलीत येतो. ती थकलेली आहे, ग्रामोफोन वाजतो आहे, समोर पिस्तूल आहे. या माणसाला मात्र ती पत्ता देत नाही. रिटर इथे आवाज चढवत नाही की डोळे पुसत नाही. जगण्याचाच शीण आलेल्या बाईसारखी बोलत राहते. कॅमेरा तिच्यावरून सरकतो आणि गोळीचा आवाज येतो. त्या वर्षीचा पुरस्कार ‘फ्रॉम हिअर टू इटर्निटी’साठी डोना रीडला गेला. रीडचं काम चांगलंच आहे, पण या एका प्रसंगाच्या तोडीचं तिथे काही नाही.

रंगभूमीनं तिची कदर केली. ‘न्यू गर्ल इन टाउन’ या संगीतिकेसाठी १९५८ साली तिला प्रमुख अभिनेत्रीचा टोनी हा ब्रॉडवेचा पुरस्कार मिळाला, सहनायिका ग्वेन व्हर्डनसोबत विभागून. ब्रॉडवेला जी प्रमुख वाटली, ती हॉलिवूडला ‘पिलो टॉक’मध्ये (१९५९) पुन्हा मोलकरीण म्हणूनच हवी होती.

अशीच सहा वेळा हुकलेल्या अभिनेत्री डेबोरा करला ऑस्कर देणाऱ्या अकादमीनं १९९४ साली मानद ऑस्कर दिलं. रिटर फेब्रुवारी १९६९ मध्ये गेली, तोवर तिच्यासाठी तेवढंही कोणाला सुचलं नव्हतं. अकादमीची ती चूक आता कोणी दुरुस्त करणार नाही. वाचकांना मात्र ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’ पाहता येईल. चित्रपट जेमतेम ऐंशी मिनिटांचा आहे. जरूर पाहा.