एकटीच 'जोडी'!

दोस्तांनो, जोडी म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? चपलांची जोडी, बैलांची जोडी, कॅरमच्या डावातली जोडी. म्हणजे जोडीला दोघं हवेतच! पण आपल्या आजच्या पाहुणीचं नावच जोडी आहे आणि ती एकटीच आहे. तिचं नाव जोडी फॉस्टर. अमेरिकेतली मोठी अभिनेत्री आणि दिग्दर्शिका. दोनदा ऑस्कर मिळवलेली.

तिने पहिलं काम केलं ते वयाच्या तिसऱ्या वर्षी. तिसऱ्या वर्षी आपण काय करत होतो, आठवतंय का? जरा आईला विचारून बघा!

जोडीचा जन्म १९ नोव्हेंबर १९६२ चा, लॉस एंजेलिस शहरातला. घरातलं नाव अ‍ॅलिशिया, पण सगळे जोडीच म्हणायचे. तिच्या जन्माआधीच आईवडील वेगळे झाले होते. चार मुलांना आई एकटीच वाढवत होती. ती सिनेमावाल्यांकडे प्रसिद्धीची कामं करायची, पण त्यात सहा माणसांचं नाही तरी पाच माणसांचं भागायला हवं ना! जोडीचा मोठा भाऊ बडी जाहिरातींत काम करायचा. १९६५ साली एका कंपनीला उन्हात लावायच्या लोशनच्या जाहिरातीसाठी मूल हवं होतं. आई बडीला घेऊन निघाली आणि धाकटीला घरी कुठे ठेवणार, म्हणून तिलाही बरोबर नेलं. निवड करणाऱ्यांचं लक्ष गेलं ते नेमकं या चिमुरडीकडे! भाऊ राहिला बाजूला आणि बहीण जाहिरातीत झळकली.

झालं! मग जाहिरातींमागून जाहिराती आल्या. १९६८ मध्ये बडी एका टीव्ही मालिकेत काम करत होता, त्यात जोडीलाही छोटी भूमिका मिळाली. मॉडेलची झाली नटी.

तुम्ही म्हणाल, काय मज्जा! शाळेला दांडी, रंगीबेरंगी कपडे, टीव्हीवर आपला चेहरा. थांबा जरा. मजेबरोबर काय काय येतं तेही ऐका.

जोडी नऊ-दहा वर्षांची असताना 'नेपोलियन अँड सामंथा' नावाच्या सिनेमात काम करत होती. हा सिनेमा १९७२ मध्ये आला. त्यात एक सिंह होता. खराखुरा! चित्रीकरणाच्या वेळी या कामावरच्या एका सिंहाने जोडीला कमरेपाशी जबड्यात धरून उचललं आणि गदागदा हलवलं. शिकवणाऱ्याने हुकूम सोडला, 'टाक!' आणि नशीब बघा, सिंहाने ऐकलं. त्या दातांच्या खुणा तिच्या अंगावर कायमच्या राहिल्या. बरी झाल्यावर ही पोरगी पुन्हा त्याच सिनेमाच्या कामावर हजर झाली. तिच्या धैर्याला शाबासकी द्यायची की तिला सिंहाजवळ उभं करणाऱ्या मोठ्या माणसांना जाब विचारायचा? मला विचाराल तर दोन्ही.

दुसरी गोष्ट पैशाची. जोडीच्या कमाईवर घर चालायचं. सात-आठ वर्षांची मुलगी घराची कर्ती! आपण आज नापास झालो, म्हणजे काम मिळालं नाही, तर घरच्यांचं काय होईल, हे ओझं दप्तरापेक्षा नक्कीच जड असणार.

आणि अशा मुलांच्या पैशांचं पुढे काय होतं? यावर एक जुनी गोष्ट सांगायलाच हवी. चार्ली चॅप्लिनचा 'द किड' तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल. १९२१ चा मूकपट. त्यात चार्लीबरोबर काचा फोडत हिंडणारा तो गोड पोरगा म्हणजे जॅकी कूगन. त्याने लहानपणी तीस-चाळीस लाख डॉलर कमावले, असं म्हणतात. एकवीस वर्षांचा झाल्यावर तो आपले पैसे मागायला गेला. वडील तोवर अपघातात वारले होते. आई आणि सावत्र वडील म्हणाले, तुझे कसले पैसे? तेव्हाच्या कायद्याप्रमाणे मुलाची कमाई आईबापांचीच असे! १९३८ मध्ये जॅकीने कोर्टात दावा लावला. शेवटी हातात पडले सुमारे सव्वा लाख डॉलर. बाकीचे खर्चून संपले होते.

त्यावरून एवढी ओरड झाली की कॅलिफोर्निया राज्याने १९३९ मध्ये कायदाच केला. बालकलाकाराच्या कमाईतला काही भाग त्याच्यासाठी बाजूला ठेवायचा. लोक त्याला 'कूगनचा कायदा' म्हणतात. त्यात पळवाटा होत्या. त्या बुजवायला २००० साल उजाडलं. तेव्हापासून तिथे मुलाची कमाई ही मुलाचीच मानली जाते आणि १५ टक्के रक्कम त्याच्या नावाने सुरक्षित ठेवावी लागते.

आपल्याकडे काय? आपल्याकडेही २०१७ पासून नियम आहेत. मुंबईत किती मालिका, सिनेमे, जाहिराती तयार होतात, ठाऊक आहे ना? त्यात काम करणाऱ्या मुलाला दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम सांगता येत नाही. तीन तासांवर विश्रांती द्यावीच लागते. सलग २७ दिवसांहून जास्त काम नाही. आणि मिळालेल्या पैशांतले निदान २० टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावावर मुदत ठेवीत ठेवायचे. ते त्याला सज्ञान झाल्यावर मिळतात. आईबाबांनो, तुमच्या घरात एखादा छोटा कलाकार असेल, तर हे चार नियम फ्रिजवर चिकटवून ठेवा!

तर पुन्हा आपल्या जोडीकडे. तिची आई हिशेबी होती, पण दूरचं बघणारीही होती. बालकलाकारांचं काम मोठं झाल्यावर बहुधा संपतं, मग तू पुढे काय करणार, असं ती जोडीला लहानपणापासून बजावायची. आणि तिने एक युक्ती केली. जोडीला लॉस एंजेलिसमधल्या फ्रेंच शाळेत घातलं. तिथे सगळे विषय फ्रेंचमधून! अमेरिकेत राहून परक्या भाषेत गणित सोडवायचं. चित्रीकरण असलं तरी सुटका नाही. कॅलिफोर्नियात नियमच आहे की शाळेच्या दिवसांत चित्रीकरणाच्या जागी शिक्षक हवा आणि रोज तीन तास शिकवणी व्हायला हवी. एकीकडे कॅमेरा, दुसरीकडे वही!

१९७६ हे साल तर तिने गाजवलंच. 'बग्सी मलोन' नावाचा एक धमाल सिनेमा त्या वर्षी आला. त्यात गुंड, पोलीस, गायिका, सगळ्या भूमिका मुलांनी केल्यात. बंदुकीतून गोळ्या सुटत नाहीत, क्रीम उडतं! मोटारी पायडल मारून चालतात! आणि मुलं गाऊ लागली की आवाज मात्र मोठ्या माणसांचे. दुसरा 'फ्रीकी फ्रायडे'. त्यात आई आणि मुलगी एका शुक्रवारी एकमेकींच्या शरीरात शिरतात. आई जाते शाळेत, लेक सांभाळते घर. मग काय गोंधळ होतो, ते बघण्यासारखं आहे.

त्याच वर्षी 'टॅक्सी ड्रायव्हर' हा मोठ्यांसाठीचा सिनेमाही आला. तो तुमच्यासाठी नाही, मोठे झाल्यावर बघा. हे काम करताना जोडी बारा वर्षांची होती आणि भूमिका अशा मुलीची होती, जिला वाईट माणसांनी वाईट मार्गाला लावलंय. ते काम करण्याआधी मानसोपचारतज्ज्ञाने जोडीची तपासणी केली. काम चालू असताना समाजसेविका हजर असायची आणि काही प्रसंगांत तिच्या जागी तिची मोठी बहीण कॉनी उभी राहिली. एवढी काळजी घेऊनही, इतक्या लहान मुलीला असं काम द्यावं का, हा प्रश्न लोक आजही विचारतात. विचारायलाच हवा. त्या भूमिकेसाठी चौदाव्या वर्षी जोडीला ऑस्करचं नामांकन मिळालं. फ्रान्समधल्या कान महोत्सवात तर ती पत्रकारांशी फाडफाड फ्रेंचमध्ये बोलली. बघा, आईची शाळा कामी आली!

१९८० मध्ये शाळा संपली. निरोपाच्या समारंभात विद्यार्थ्यांच्या वतीने भाषण केलं जोडीने, तेही फ्रेंचमधून. आता सगळ्यांना वाटलं, ही पूर्ण वेळ सिनेमात जाणार. पण ती गेली येल विद्यापीठात, साहित्य शिकायला! हॉलिवुड राहिलं देशाच्या एका टोकाला, ही गेली दुसऱ्या टोकाला. चार मुलींसारखं वसतिगृहात राहायचं, ग्रंथालयात बसायचं, नाटकात हौसेने काम करायचं, एवढीच तिची इच्छा होती.

पण प्रसिद्धी पाठ सोडत नाही. एका माथेफिरू तरुणाने 'टॅक्सी ड्रायव्हर' पुन्हा पुन्हा पाहिला होता. तो जोडीच्या मागे लागला. पत्रं पाठवू लागला, फोन करू लागला. तिने त्याला स्पष्ट नकार दिला. आणि ३० मार्च १९८१ रोजी, तिचं लक्ष वेधून घ्यायला म्हणून, त्याने वॉशिंग्टनमध्ये अमेरिकेचे अध्यक्ष रोनाल्ड रेगन यांच्यावर गोळ्या झाडल्या! अध्यक्ष जखमी झाले, आणखी तिघं जखमी झाले. (त्या माणसाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. नाव व्हावं म्हणूनच असली माणसं असले उद्योग करतात.)

अठरा वर्षांच्या जोडीचा यात काडीचा दोष नव्हता. पण दुसऱ्या दिवसापासून वार्ताहर, कॅमेरे, पोलीस सगळे तिच्या कॉलेजात. आणखी एका माणसाने तर तिला जिवे मारण्याची धमकी दिली. वर्गात जाताना बरोबर अंगरक्षक! तुमच्या-आमच्यापैकी कुणीही म्हटलं असतं, नको ते कॉलेज. जोडीने मात्र कॉलेज सोडलं नाही. १९८२ मध्ये तिने एका मासिकात स्वतःच लेख लिहिला. त्याचं शीर्षक होतं, 'मीच का?' मनातलं एकदा लिहून टाकलं आणि त्यानंतर हा विषय शक्यतो बोलायचाच नाही, असं धोरण ठेवलं. १९८५ मध्ये ती मानाच्या श्रेणीत पदवीधर झाली. तिचा प्रबंध होता टोनी मॉरिसन या कृष्णवर्णीय लेखिकेवर. मॉरिसनबाईंना नोबेल मिळालं १९९३ मध्ये. म्हणजे आपल्या जोडीने ते मोठेपण आधीच ओळखलं होतं म्हणायचं!

पदवी मिळाली, पण सिनेमे काही फारसे चालत नव्हते. बालपणी गाजलेले किती तरी चेहरे अशा वेळी विस्मरणात जातात. जोडीने धीर धरला. १९८९ मध्ये 'द अक्यूज्ड'साठी उत्कृष्ट अभिनेत्रीचं ऑस्कर तिला मिळालं, १९९२ मध्ये 'द सायलेन्स ऑफ द लॅम्ब्ज'साठी दुसरं. हे दोन्ही सिनेमे मोठ्यांचे आहेत. तुम्हाला बघायचा असेल तर 'कॉन्टॅक्ट' बघा. १९९७ चा हा सिनेमा कार्ल सेगन यांच्या कादंबरीवरून केलाय. परग्रहावरून येणारे संदेश ऐकत बसलेली शास्त्रज्ञ जोडीने फार छान उभी केली आहे.

१९९१ मध्ये तिने स्वतः पहिला सिनेमा दिग्दर्शित केला. कशावर, सांगा? 'लिटल मॅन टेट' ही एका सात वर्षांच्या अतिशय हुशार मुलाची गोष्ट! त्याची आई त्याच्यावर जीव टाकते, पण त्याच्या बुद्धीला खाऊ कुठून आणायचा हे तिला कळत नाही. दुसऱ्या बाई त्याच्या बुद्धीला खाऊ देतात, पण त्याला मित्र हवेत हे त्या विसरतात. या आईची भूमिका जोडीनेच केली आहे. मोठ्यांमध्ये वाढलेल्या मुलाला काय वाटतं, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक असणार?

पुढचंही ऐका. २०२१ मध्ये कान महोत्सवात तिचा मानाचा 'पाम डी'ऑर' देऊन गौरव झाला आणि आभाराचं भाषण तिने फ्रेंचमध्ये केलं. २०२४ मध्ये 'न्याड' या जलतरणपटूवरच्या सिनेमासाठी पुन्हा ऑस्करचं नामांकन, आणि त्याच वर्षी 'ट्रू डिटेक्टिव्ह' मालिकेसाठी एमी पुरस्कार. २०२५ मध्ये तर आख्ख्या फ्रेंच सिनेमाची ती नायिका झाली. वयाच्या बासष्टाव्या वर्षी! शाळेत घोकलेली भाषा पन्नास वर्षांनंतरही पगार देते, दोस्तांनो.

आता तुम्हीच सांगा, तिसऱ्या वर्षी मिळालेली ती जाहिरात म्हणजे नशीब. पण तेवढ्यावर साठ वर्षं निघतात का? नाही. गोड चेहरा चार-पाच वर्षं टिकतो, मग दुधाचे दात पडतात! जोडीजवळ राहिलं ते तिने शिकलेलं. आणि ज्या दिवसांत सगळं जग तिच्याकडे बोट दाखवत होतं, त्या दिवसांत तिला सावरलं ते वह्या-पुस्तकांनी, एका साध्या विद्यार्थिनीच्या आयुष्याने.

पुढच्या वेळी टीव्हीवर बिस्किटाच्या नाहीतर साबणाच्या जाहिरातीत एखादं गोंडस मूल दिसलं, की 'कित्ती गोड!' जरूर म्हणा. पण आणखी तीन प्रश्न मनात आणा. हे शाळेत कधी जातं? याला खेळायला वेळ मिळतो का? आणि याच्या कमाईचे पैसे कुणाच्या खात्यात जातात? घरी आईबाबांशी यावर बोला. आईबाबांनो, 'आमच्या बाळालाही घ्या ना जाहिरातीत' म्हणून फोटो पाठवण्याआधी तुम्हीही याच तीन प्रश्नांची उत्तरं शोधून ठेवा.

चला, पुढच्या आठवड्यात भेटू, नव्या पाहुण्यासह. तोवर अभ्यासाची आणि खेळाची जोडी मात्र फोडू नका हं!