नावानिशी मत

युद्ध जाहीर करण्याची रीत आता कालबाह्य झाली, असे म्हणणारी मंडळी हल्ली सगळीकडे भेटतात. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे. क्षेपणास्त्र काही मिनिटांत येऊन पडते. तेव्हा लोकप्रतिनिधींना गोळा करून चर्चा करत बसायला वेळ आहे कुणाला? शिवाय संयुक्त राष्ट्रांच्या १९४५ च्या सनदेने देशादेशांतल्या बळाच्या वापरालाच बंदी घातली, मग घोषणा करायची तरी कशाची? आणि ज्या अमेरिकेच्या राज्यघटनेने हा अधिकार स्पष्ट शब्दांत काँग्रेसला दिला आहे, त्या अमेरिकेनेही शेवटची घोषणा केली ती जून १९४२ मध्ये, बल्गेरिया, हंगेरी आणि रुमानियाविरुद्ध. त्यानंतर कोरिया, व्हिएतनाम, इराक, अफगाणिस्तान ही सगळी युद्धे घोषणेवाचूनच झाली. तेव्हा ते कलम कागदावर राहू द्यावे आणि पुढे चालावे.

हा पूर्वपक्ष ऐकताना पटतो, म्हणूनच तो खोडून काढला पाहिजे. माझे म्हणणे अगदी उलट आहे. देशाला युद्धात उतरवायचे असेल, तर लोकांनी निवडून दिलेल्या प्रत्येक माणसाने आपले नाव पुकारले गेल्यावर स्वतःच्या तोंडाने 'हो' किंवा 'नाही' म्हटलेच पाहिजे, आणि ते कायमचे नोंदले गेले पाहिजे.

आधी वेळेचा मुद्दा घेऊ. हा आक्षेप अमेरिकेच्या घटनाकारांना सुचला नव्हता असे समजणे चूक आहे. १७ ऑगस्ट १७८७ रोजी फिलाडेल्फियाच्या घटना परिषदेत या कलमावर चर्चा झाली. मसुद्यात 'युद्ध करण्याचा' अधिकार काँग्रेसकडे होता. पिअर्स बटलर यांनी तो राष्ट्राध्यक्षाकडे द्यावा असे सुचवले. प्रजासत्ताकात असली सूचना ऐकावी लागेल असे आपल्याला वाटले नव्हते, असे एल्ब्रिज गेरी त्यावर म्हणाले. मग गेरी आणि जेम्स मॅडिसन या दोघांनी मिळून एकच शब्द बदलला: 'युद्ध करणे' काढून तिथे 'युद्ध जाहीर करणे' घातले. अचानक हल्ला झाला तर तो परतवण्याची मोकळीक राष्ट्राध्यक्षाला असावी, एवढाच त्यामागचा हेतू होता. अंगावर आलेला वार परतवणे वेगळे आणि देशाला युद्धात नेणे वेगळे. पहिल्या कामाला कुणाची परवानगी लागू नये, दुसऱ्याला लागलीच पाहिजे. व्हर्जिनियाचे जॉर्ज मेसन यांनी तर त्याच चर्चेत सांगितले की, युद्धाची वाट सोपी करण्यापेक्षा तिच्यात अडसर घालणे आपल्याला अधिक पसंत आहे.

आणि वेळ तरी किती लागतो? पर्ल हार्बरवर रविवारी, ७ डिसेंबर १९४१ ला हल्ला झाला. सोमवारी दुपारी साडेबाराला राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट दोन्ही सभागृहांच्या संयुक्त बैठकीपुढे उभे राहिले. भाषण जेमतेम सात मिनिटांचे. ते संपल्यावर तासाभराच्या आत सिनेटने ८२ विरुद्ध शून्य आणि प्रतिनिधिगृहाने ३८८ विरुद्ध एक अशा मतांनी संयुक्त ठराव मंजूर केला. चार वाजून दहा मिनिटांनी रूझवेल्ट यांची सही झाली. संकट खरोखर दारात असेल तेव्हा लोकप्रतिनिधी उशीर करत नाहीत. उशीर होतो तो कारण पटवून देता येत नाही तेव्हा, आणि तेव्हा तो व्हायलाच हवा.

तो ठराव वाचण्यासारखा आहे. आहे एवढासाच. जपानने लादलेली युद्धस्थिती औपचारिकपणे जाहीर करण्यात येत आहे. सगळे सैन्य, नौदल आणि सरकारची साधने वापरून युद्ध चालवण्याचा राष्ट्राध्यक्षाला अधिकार देण्यात येत आहे आणि तसा आदेशही. आणि युद्ध यशस्वीपणे संपवण्यासाठी देशाची सारी साधनसंपत्ती काँग्रेस पणाला लावत आहे. यातल्या 'आदेश' या शब्दाकडे माझे लक्ष दर वेळी जाते. सैन्य आणि नौदलाच्या सरसेनापतीला इथे लोकांचे प्रतिनिधी हुकूम देत आहेत. शत्रू कोण हे त्या ठरावात नावाने लिहिले आहे.

त्या दिवशीचे ते एक विरोधी मत मोन्टानाच्या जेनेट रँकिन यांचे. अमेरिकन काँग्रेसमध्ये निवडून गेलेल्या त्या पहिल्या स्त्री. पहिल्या खेपेला, १९१७ मध्येही, त्यांनी युद्धाविरुद्ध मत दिले होते. तेव्हा त्यांच्या बाजूला आणखी ४९ जण होते. १९४१ मध्ये त्या एकट्या होत्या. बोलू द्या म्हणून त्या उठल्या, सभापती सॅम रेबर्न यांनी बोलू दिले नाही. नाव पुकारले गेले तेव्हा त्यांनी 'नाही' म्हटले आणि सभागृहातून हुर्यो उठली. बाहेर पडल्यावर अंगावर येणाऱ्या गर्दीतून सुटण्यासाठी त्या एका टेलिफोन बूथमध्ये शिरल्या, दार लावून घेतले आणि पोलीस येऊन त्यांना कार्यालयापर्यंत पोचवेपर्यंत तिथेच थांबल्या. पुढच्या निवडणुकीला त्या उभ्या राहिल्या नाहीत. त्या दिवशी त्या सभागृहात मी असतो तर मी 'हो' म्हटले असते. बाँब पडून चोवीस तास झाल्यावर युद्ध नको म्हणणे मला जमले नसते. पण एका माणसाला सगळ्या देशाविरुद्ध 'नाही' म्हणता येते, आणि ते 'नाही' नावासकट छापले जाते, ही सोय मला त्या ३८८ मतांइतकीच मोलाची वाटते. ज्या मतदानात 'नाही' म्हणायची जागाच नाही, तिथल्या 'हो'ला वजन कुठून येणार?

दुसरा आक्षेप असा की, घोषणा ही नुसती औपचारिकता. हे तर वस्तुस्थितीलाच सोडून आहे. घोषणेने कायदा बदलतो. शत्रुदेशाच्या नागरिकांची स्थिती, व्यापारी करार, तटस्थ देशांची कर्तव्ये, सगळे त्या क्षणापासून वेगळे होते. याचे एक जवळचे उदाहरण विम्याचे आहे. पर्ल हार्बरला मारल्या गेलेल्यांच्या वारसांना काही विमा कंपन्यांनी युद्धात मृत्यू झाल्याचे कारण दाखवून पूर्ण रक्कम नाकारली. वारसांचे म्हणणे, रविवारी युद्ध कुठे होते? घोषणा तर सोमवारी झाली. आयडाहोच्या सर्वोच्च न्यायालयाने वारसांचे म्हणणे उचलून धरले, तर एका संघीय अपील न्यायालयाने कंपनीचे. युद्ध पहिल्या बाँबने सुरू होते की काँग्रेसच्या मताने, यावर घरातला कर्ता गेलेल्या बाईला पैसे मिळायचे की नाही हे ठरत होते.

लोकप्रतिनिधी मेंढरांसारखे मागून जातात, मग त्यांना विचारून काय उपयोग, असेही म्हटले जाते. १८१२ मध्ये ब्रिटनविरुद्धचा ठराव प्रतिनिधिगृहात ७९ विरुद्ध ४९ आणि सिनेटमध्ये १९ विरुद्ध १३ असा निघाला. तीन मते इकडची तिकडे गेली असती तर सिनेटची बरोबरी झाली असती. १९१७ मध्ये वुड्रो विल्सन यांच्याच पक्षाचे प्रतिनिधिगृहातले नेते क्लॉड किचिन यांनी विरोधात मत दिले, सिनेटमध्ये रॉबर्ट ला फॉलेट तासन्‌तास बोलले, आणि प्रतिनिधिगृहाचे मतदान ६ एप्रिलच्या पहाटे तीनच्या सुमारास संपले: ३७३ विरुद्ध ५०. मेंढरे रात्र जागवत नाहीत.

पण एक गोष्ट मान्य करायलाच हवी. घोषणेने चुकीचे युद्ध टळतेच असे नाही. १८४६ मध्ये राष्ट्राध्यक्ष पोक यांनी वादग्रस्त सीमेवर सैन्य पाठवले, चकमक झाली, आणि अमेरिकेच्या भूमीवर अमेरिकेचे रक्त सांडले असे सांगून त्यांनी मेक्सिकोविरुद्ध घोषणा मागितली. प्रतिनिधिगृहाने दोन तासांत, १७४ विरुद्ध १४ मतांनी ती दिली. चूक झाली ती झालीच. मात्र पुढच्याच वर्षी इलिनॉयचा एक नवखा सदस्य उठला आणि रक्त नेमके कोणत्या जागी सांडले ती जागा दाखवा, असा ठराव त्याने मांडला. तो सदस्य अब्राहम लिंकन. जानेवारी १८४८ मध्ये त्याच प्रतिनिधिगृहाने ८५ विरुद्ध ८१ मतांनी म्हटले की हे युद्ध राष्ट्राध्यक्षाने विनाकारण आणि घटनाबाह्य रीतीने सुरू केले. असा जाब विचारता आला, कारण कारणे काय सांगितली आणि कुणी मान्य केली हे लेखी होते.

आता घोषणेच्या जागी काय आले ते पाहा. कोरियात ट्रूमन यांनी काँग्रेसला मत मागितलेच नाही. त्याला 'पोलीस कारवाई' म्हटले गेले आणि ३६ हजारांहून अधिक अमेरिकन सैनिक मेले. ऑगस्ट १९६४ मध्ये टोंकिनच्या आखातात अमेरिकी जहाजांवर दोनदा हल्ला झाल्याचे सांगून जॉन्सन सरकारने मोघम अधिकाराचा ठराव घेतला. प्रतिनिधिगृहात ४१६ विरुद्ध शून्य. सिनेटमध्ये वेन मोर्स आणि अर्नेस्ट ग्रूनिंग एवढे दोघेच विरोधात गेले, आणि १९६८ मध्ये दोघेही आपल्या जागा गमावून बसले. दुसरा हल्ला झालाच नव्हता, हे पुढे उघड झाले. त्या मोघम कागदाच्या आधारे चाललेल्या युद्धात मेलेल्या ५८ हजारांहून अधिक अमेरिकनांची नावे वॉशिंग्टनमध्ये काळ्या दगडावर कोरली आहेत. व्हिएतनामी मृतांची संख्या तर याच्या कितीतरी पट.

याला आवर घालायला १९७३ मध्ये निक्सन यांचा नकाराधिकार डावलून कायदा झाला: ४८ तासांत काँग्रेसला कळवा, परवानगी मिळाली नाही तर ६० दिवसांत थांबा. २०११ मध्ये लिबियात ६० दिवस उलटले तेव्हा ओबामा सरकारने सांगितले की, हवाई हल्ले चालू असले तरी कायद्याच्या अर्थाने ही लढाईच नव्हे. आणि ११ सप्टेंबरच्या हल्ल्यानंतर तीन दिवसांनी मंजूर झालेल्या ठरावात देशाचे नाव नाही, जागा नाही, मुदत नाही. विरोधात एकट्या बार्बरा ली. इस्लामिक स्टेटविरुद्धच्या कारवाईलाही तेरा वर्षांनी याच ठरावाचा आधार दिला गेला. मोघम अधिकार आणि युद्धाची घोषणा यांत हाच फरक आहे: घोषणेत शत्रू नेमका असतो, म्हणून तिला शेवटही असतो. सनदेचा मुद्दा इथे लागूच पडत नाही. सनद देशांनी एकमेकांशी कसे वागावे ते सांगते. देशाच्या आत हा निर्णय कुणी घ्यावा, हे ती ठरवत नाही.

हा सगळा अमेरिकेचा प्रश्न, आपल्याला काय त्याचे, असे कुणी म्हणेल. १९३९ चा सप्टेंबर आठवावा. साम्राज्य एकच, राजा एकच. दक्षिण आफ्रिकेच्या संसदेत ४ सप्टेंबरला ८० विरुद्ध ६७ असे मतदान झाले. तटस्थ राहू म्हणणारे पंतप्रधान हर्टझॉग हरले आणि पायउतार झाले. कॅनडाने आपली संसद बोलावली, चर्चा केली आणि ब्रिटननंतर आठवडाभराने, १० सप्टेंबरला, स्वतंत्र घोषणा केली. हिंदुस्थानात ३ सप्टेंबरलाच व्हाइसरॉय लिनलिथगो यांनी देश युद्धात असल्याचे जाहीर केले. मध्यवर्ती विधिमंडळाला विचारले नाही, कुठल्या पुढाऱ्याला विचारले नाही. मुंबई प्रांतातल्या बाळासाहेब खेरांच्या मंत्रिमंडळासह काँग्रेस पक्षाची मंत्रिमंडळे बाहेर पडली ती याच अपमानापायी. त्या युद्धात सुमारे २५ लाख हिंदी माणसे लष्करात होती.

आणि तरीही आपल्या राज्यघटनेत युद्ध जाहीर करण्याआधी संसदेचे मत घ्यावे असे कलम नाही. संघसूचीत 'युद्ध आणि शांतता' हा विषय आहे, म्हणजे संसद त्यावर कायदा करू शकते. कलम ३५२ प्रमाणे आणीबाणीला महिन्याभरात दोन्ही सभागृहांची विशेष बहुमताने मंजुरी लागते, पण ती आणीबाणीला, युद्धाला नव्हे. १९६२ मध्ये चीनचे सैन्य आत घुसलेले असताना अधिवेशन लवकर बोलवा, अशी मागणी अटलबिहारी वाजपेयींनी केली, नेहरूंनी ती मानली, आणि ८ नोव्हेंबरपासून भर युद्धात संसदेत कठोर चर्चा झाली. त्या चर्चेने फौजेचे बळ कमी झाले, असे मला तरी कुणी दाखवून दिलेले नाही. हल्ला परतवण्याची पूर्ण मोकळीक सरकारला ठेवून, त्यापुढच्या युद्धाला ठराविक दिवसांत दोन्ही सभागृहांत नावानिशी मतदान बंधनकारक करणारा कायदा आपल्याला करता येईल. तो करावा, अशी माझी स्पष्ट मागणी आहे.

सातारा जिल्ह्यातल्या अपशिंगे गावाने पहिल्या महायुद्धात ४६ जवान गमावले. पश्चिम महाराष्ट्रात आणि कोकणात अनेक गावांत त्या युद्धाच्या संगमरवरी पाट्या आजही भिंतीत बसवलेल्या दिसतात. मजकूर साधारण सारखाच: या गावातून इतके पुरुष महायुद्धाला गेले, पैकी इतक्यांनी प्राण दिले. १९१७ च्या त्या ३७३ आणि ५० जणांची नावे अमेरिकन काँग्रेसच्या छापील कामकाजात आज कुणालाही काढून वाचता येतात. आपल्या पाटीवर दोन आकडे आहेत. गेलेल्यांची नावे नाहीत, आणि त्यांना पाठवावे की नाही यावर मत देणाऱ्यांचीही नाहीत, कारण ते मत कुणाला मागितलेच नव्हते.