तू अशी नव्हतीस! : एका जपानी चित्रपटाच्या निमित्ताने



सातोशी कोन या दिग्दर्शकाचा ‘परफेक्ट ब्लू’ (१९९७) हा जपानी अॅनिमेशनपट आहे. अॅनिमेशन म्हटलं की आपण लगेच मुलांना लावून देतो. तसं करू नका, हा फक्त मोठ्यांसाठी आहे. पण आपण मोठ्यांनी तो जरूर पाहावा.

मिमा ही तीन मुलींच्या गायन-गटातली गायिका गाणं सोडून अभिनयाकडे वळते. एका चाहत्याला ते सहन होत नाही. सुरुवातीलाच तो हात असा धरतो, की मंचावरची मिमा त्याच्या तळहातावर नाचताना दिसते. पुढे इंटरनेटवर मिमाच्या नावाने कुणीतरी रोजनिशी लिहू लागतं. चाहता त्या रोजनिशीतल्या मिमाला खरी मानतो आणि जिवंत मुलीला तोतया!

याला प्रेम म्हणायचं का? मला नाही वाटत. प्रेमात समोरच्याला बदलायची मोकळीक असते. एकटा पडलेला माणूस मात्र दुसऱ्याला घट्ट धरून ठेवतो, कारण ते सुटलं तर हातात काहीच उरत नाही.

खरा धक्का शेवटी बसतो. मिमाची जागा घेऊ पाहणारी निघते रूमी, तिची व्यवस्थापक. एके काळची गायिका. मिमाची काळजी घेणारी, तिला संगणक शिकवणारी, तिच्यासाठी रडणारी. स्वतःचं संपलेलं गाणं ती मिमात जगत होती.

इथे मी थबकले. धोका परक्या माणसाकडूनच येतो, असं आपण मुलांना शिकवतो. पण रूमी परकी नव्हती. ती आपल्यासारखीच होती!

माझ्या वर्गातली, वक्तृत्वात नेहमी पहिली येणारी मुलगी एकदा म्हणाली, “बाई, यंदा माझं नाव नको. मला कबड्डी खेळायचीय.” माझ्या तोंडून पटकन निघालं, “अगं, तू अशी नव्हतीस!” शाळेत असताना मला स्टेजवर कधीच जमलं नव्हतं, हे तिला कुठे ठाऊक?

चित्रपट पाहिल्यावर दुसऱ्या दिवशी तिला विचारलं, “कबड्डीत कुठे उभी राहतेस गं?”

“कोपऱ्यात, बाई,” ती म्हणाली, आणि मग दहा मिनिटं थांबलीच नाही.

तुमच्या मुलाने अलीकडे काय सोडलं? आणि त्याचं वाईट नक्की कुणाला वाटलं, त्याला की तुम्हाला?