जाऊ नका की जाऊ नकोस?

सोलमध्ये पावसाची रिपरिप चालू आहे. हातरिक्षा ओढणाऱ्या एका गड्याला कित्येक दिवसांनी भाड्यामागून भाडी मिळताहेत. घरी बायको आजारी. निघताना तिने अडवलं, तर हा तिच्यावरच खेकसला. तीन दिवस तिला बैलाच्या हाडांचा रस्सा प्यावासा वाटतो आहे. रात्री तो विकत घेऊन हा घरी पोचतो, तेव्हा ती गेलेली असते. ह्यन जिन-गन यांच्या १९२४ सालच्या या कथेचं नाव ‘भाग्याचा दिवस’!

मराठी वाचकाला ही कथा भेटते ती इंग्रजीतून, आणि तिथेच गंमत होते. कोरियन वाक्यात क्रियापद मराठीसारखंच शेवटी येतं आणि कोण कोणाशी किती अदबीने बोलतं आहे, हे त्याच्या शेपटावरून कळतं. बायको नवऱ्याला ‘जाऊ नका’ म्हणते. तो तिला शिव्याच घालतो. इंग्रजीत दोघांच्या तोंडी एकच ‘यू’. मराठी कान मात्र त्या सपाट वाक्याखालचं ‘अहो’ आणि ‘अगं’ आपोआप ऐकतो. इंग्रज वाचकाला ही सोय नाही बिचाऱ्याला.

ब्रूस आणि जू-चान फुल्टन हे दांपत्य कित्येक वर्षं कोरियन कथा इंग्रजीत आणत आहे. २०२२ मध्ये ‘रेत समाधि’ या हिंदी कादंबरीच्या अनुवादाने आंतरराष्ट्रीय बुकर जिंकलं, त्याच लघुयादीत अँटन हर यांनी अनुवादलेला बोरा चंग यांचा ‘कर्स्ड बनी’ हा कथासंग्रह होता. त्यातल्या पहिल्याच कथेत संडासातून एक डोकं वर येतं आणि बाईला ‘आई’ म्हणून हाक मारतं. फराळाला बसण्याआधी वाचू नये.

हान कांग यांना २०२४ मध्ये नोबेल मिळालं ते कादंबरीकार म्हणून जगाला माहीत झाल्यावर. पण त्यांच्या ‘द व्हेजिटेरियन’ या कादंबरीचं बी १९९७ च्या एका कथेत आहे, तिथे बायकोचं खरोखरच झाड होतं. आणि कथाकार म्हणून त्यांचं पहिलं पाऊल पडलं ते १९९४ मध्ये, एका वर्तमानपत्राच्या नववर्ष कथास्पर्धेत.

ही प्रथा तिकडे जुनी. ‘दोंगा इल्बो’ या वर्तमानपत्राने १९२५ मध्ये अशी स्पर्धा सुरू केली, आपल्याकडे ‘मनोरंजन’चा पहिला दिवाळी अंक १९०९ चा. तिकडे स्पर्धेत निवडलेली कथा १ जानेवारीच्या अंकात छापून येते आणि नवा लेखक त्या दिवसापासून लेखक मानला जातो. मुदत साधारण डिसेंबरच्या सुरुवातीला संपते. म्हणजे इथे दिवाळी अंक हातात पडतात, तेव्हा सोलमध्ये कुणीतरी आपल्या पहिल्या कथेचा शेवट अजून खोडतच असतं.